अंदमानचे आमचे यात्रेकरू

दिवाळीची किंवा नाताळची सुट्टी जवळ आली, की साताऱ्या-सांगलीकडील सुशिक्षित कुटुंबांत प्रवासाचे जे बेत शिजू लागतात, त्यांत अलीकडे अंदमानचे नाव वारंवार ऐकू येते. भारताच्या किनाऱ्यापासून सुमारे १२०० किलोमीटरांवरील ज्या बेटांना आमच्या आजोबांची पिढी 'काळे पाणी' म्हणे व ज्यांचे नाव घेताच घरात शांतता पसरे, तेथे आता नातवंडे निळे पाणी पाहावयास जातात. यात आम्हांस विषाद वाटत नाही. उलट, मुलाबाळांस सेल्युलर जेलचे दर्शन घडविणे हे प्रत्येक मराठी कुटुंबाचे कर्तव्यच आहे, असे आम्ही मानतो. आमची तक्रार आहे ती या यात्रेच्या दुसऱ्या दिवसाविषयी.

परंतु आधी पहिला दिवस. अंदमान आम्हांस परके नाही. ८ सप्टेंबर १८५७ रोजी साताऱ्याच्या गेंडामाळावर सतरा जणांस देहदंड झाला. कोणास फाशी, कोणास गोळी, तर कोणास तोफेच्या तोंडी देण्यात आले. त्यानंतर सहाच महिन्यांनी, १० मार्च १८५८ रोजी, डॉ. वॉकर हा अधिकारी सुमारे दोनशे बंदी घेऊन अंदमानच्या किनाऱ्यास लागला. एकाच वणव्याची राख एकीकडे माळावर पडली व दुसरीकडे समुद्रापार नेऊन टाकली गेली. सांगलीचा संबंध तर याहून निकटचा. बाबाराव सावरकरांना १९०९ मध्ये जन्मठेप झाली, १९२१ पर्यंत त्यांनी अंदमानात यातना भोगल्या, आणि १६ मार्च १९४५ रोजी त्यांनी देह ठेवला तो सांगलीत. अंदमानने झिजविलेले शरीर आमच्याच मातीत विसावले आहे.

सेल्युलर जेलची वास्तू १९०६ मध्ये पुरी झाली. मध्यभागी एक मनोरा, त्यापासून चाकाच्या आऱ्यांप्रमाणे निघालेल्या सात तीनमजली इमारती, आणि त्यांत सुमारे सातशे एकांत कोठड्या. एका इमारतीच्या कोठड्यांची तोंडे दुसऱ्या इमारतीच्या पाठीकडे, म्हणजे कोणा बंद्यास दुसऱ्या बंद्याचे मुखदर्शन होऊ नये. सावरकर बंधू एकाच तुरुंगात असून दीर्घकाळ एकमेकांस भेटू शकले नाहीत. मनोऱ्यावरील पहारेकऱ्यास मात्र सर्व दिसे. कोलू, दंडाबेडी व फटके ही शिक्षेची उघड अंगे होत. तिचे मर्म या रचनेत होते. एकाने अहोरात्र पाहावे आणि दुसऱ्याने केवळ पाहिले जावे, हे ते मर्म. आमचे यात्रेकरू त्या कोठडीपुढे नतमस्तक होतात आणि त्यांचे डोळे पाणावतात. त्या अश्रूंच्या खरेपणाविषयी आम्हांस तिळमात्र शंका नाही.

आता दुसरा दिवस पाहा. पहाटे तीनच्या सुमारास मंडळी मोटारीत बसतात आणि जिरकाटांगच्या नाक्यावर रांगेत उभी राहतात. तेथून पहाऱ्यात मोटारींचा तांडा निघतो व जारवा लोकांच्या राखीव अरण्यातून पन्नासएक किलोमीटर जाऊन बारातांगकडे वळतो. सांगावयाचे कारण असे, की तेथे चुनखडीच्या गुहा व चिखलाचा ज्वालामुखी आहे. मंडळी घरी परतली म्हणजे मात्र गुहेची चौकशी कोणी करीत नाही. पहिला प्रश्न येतो, "दिसले का?" ज्यांना 'दिसले' ते सविस्तर वर्णन करतात, ज्यांना 'दिसले नाहीत' ते पैसे वाया गेल्यासारखा चेहरा करतात. ताडोबाहून परतलेल्यास वाघाविषयी जो प्रश्न विचारतात, तोच हा प्रश्न, त्याच सुरात, माणसांविषयी विचारला जातो! २०११ च्या जनगणनेत जारवांची संख्या अवघी ३८० भरली. २०१२ मध्ये जारवा स्त्रियांस खाऊचे आमिष दाखवून मोटारींपुढे नाचविल्याची चित्रफीत जगभर गाजली, प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे गेले, नियम कडक झाले. थांबू नये, छायाचित्र घेऊ नये, काही देऊ नये, असे आता बजावले जाते. पण काचेआडून टक लावून पाहणाऱ्या डोळ्यांस कोणता कायदा बांधणार?

यावर आम्हांस तीन आक्षेप ऐकावयास मिळतात. पहिला असा, की तो रस्ता उत्तर व मध्य अंदमानातील हजारो रहिवाशांची गरज आहे. हे आम्ही मान्य करतो. आजारी माणसास पोर्ट ब्लेअरला, म्हणजे २०२४ पासूनच्या श्रीविजयपुरमला, आणावे लागते. धान्य न्यावे लागते. परंतु रहिवाशाची गरज हे पाहुण्याच्या हौसेचे समर्थन होऊ शकत नाही. न्यायालयाने २००२ मध्येच त्या रस्त्याचा काही भाग बंद करण्याचा आदेश दिला होता, हेही विसरू नये.

दुसरा आक्षेप अधिक गोड असतो. आम्ही कोणास उपद्रव देत नाही, केवळ पाहतो. यात हानी काय? या प्रश्नाचे उत्तर त्या बेटांच्या इतिहासातच आहे. दंडवसाहत उभी राहिली ती ओसाड भूमीवर नव्हे. तेथील अंदमानी लोकांनी आपली भूमी राखण्यासाठी मे १८५९ मध्ये ॲबर्डीन येथे धनुष्यबाणांनिशी बंदुकांशी झुंज दिली. त्या हल्ल्याची खबर इंग्रजांस आधीच मिळाली होती. ती देणारा दूधनाथ तिवारी हा १८५७ च्या धामधुमीत शिक्षा झालेला शिपाई होता. तो तुरुंगातून पळून वर्षभर अंदमानी लोकांच्या आश्रयाने राहिला होता व त्यांच्यातच त्याने लग्न केले होते. खबरीच्या मोबदल्यात त्याला माफी मिळाली. स्वातंत्र्ययुद्धाच्या आमच्या पोथीत हे पान आम्ही वाचीत नाही. पुढे सरकारने 'अंदमान होम' काढून त्या लोकांस जवळ केले. जवळिकीबरोबर रोग आले. १८७७ च्या गोवराने हाहाकार उडविला. एके काळी हजारोंनी असलेले थोर अंदमानी लोक १९६१ च्या गणनेत १९ उरले. २०१० च्या जानेवारीत बोआ नावाची वृद्धा निवर्तली आणि तिच्याबरोबर 'बो' ही भाषा मुकी झाली. यांतील किती जणांनी 'आम्ही केवळ जवळ गेलो' असेच म्हटले असेल! पाहणे, जवळ जाणे, खाऊ देणे आणि पुसून टाकणे या एकाच जिन्याच्या पायऱ्या आहेत.

तिसरा आक्षेप सुधारणेचा: त्यांस अरण्यात तसेच ठेवावे काय? आमचे उत्तर असे, की ते जारवांनी ठरवावे, आणि त्यांच्याशी बोलणी करावयाचीच, तर ती त्यांची भाषा शिकलेल्या जबाबदार माणसांनी करावी. मोटारीच्या खिडकीतून आजवर कोणाचीही सुधारणा झालेली नाही.

हे बोल कोणास कठोर वाटले, तर त्याने आपल्या जिल्ह्याकडे पाहावे. ज्या राजवटीने अंदमानचा मनोरा बांधला, तिनेच १८७१ मध्ये गुन्हेगार जमातींचा कायदा केला. त्याच्या छायेत पुढे आमच्या खेड्यांतील मांग-रामोशी माणसांवर हजेरीचा जाच आला: ठरल्या वेळी चावडीपुढे उभे राहा आणि स्वतःस मोजून घ्या. वाटेगाव आज सांगली जिल्ह्यात आहे, तेव्हा ते साताऱ्यात होते. त्या गावचे अण्णाभाऊ साठे यांनी 'फकिरा'त या हजेरीची व्यथा मांडली. ते पुस्तक आमच्या घरांच्या कपाटांत आहे. ते वाचून आम्ही हळहळलोही आहोत. मग रोज सकाळी ठरल्या वेळी मोटारींचे तांडे अरण्यात शिरतात आणि आतले प्रवासी डोकी मोजू लागतात, ही हजेरी नव्हे तर काय?

२०१८ मध्ये रॉस, नील व हॅवलॉक या बेटांची इंग्रजी नावे जाऊन त्यांस नेताजींचे, शहीदांचे व स्वराज्याचे नाव मिळाले. त्याचा आम्हांस आनंद आहे. परंतु पाटी बदलणे सोपे. मनोऱ्यावरून खाली उतरणे कठीण. काल कोठडीपुढे रडलेला मनुष्य आज पहारेकऱ्याच्या जागी जाऊन बसतो आणि ते त्याच्या ध्यानीही येत नाही, हे आम्हांस खटकते.

आमची मागणी मोठी नाही. अंदमानला अवश्य जावे. कोठडीत दोन घटका मुकाट्याने बसावे, समुद्रात डुंबावे, प्रवाळ पाहावे. सहलीची व्यवस्था करणाऱ्याने यादीत बारातांगचा रस्ता घातला असेल, तर तो दिवस काढून टाकावयास निक्षून सांगावे, आणि का ते मुलांस समजावून द्यावे. गिऱ्हाइकानेच नको म्हटले, तर व्यापारी तो माल फार काळ ठेवीत नाही. घरी परतल्यावर शेजारी विचारतील, "दिसले का?" त्या वेळी, "आम्ही पाहावयास गेलोच नाही", एवढे उत्तर ज्यास देता येईल, त्याची अंदमानची यात्रा सफळ झाली, असे आम्ही समजू.