घाण्याचे तेल आणि ज्ञानाचा दिवा

जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळ, अजिंठ्याच्या डोंगररांगेच्या कुशीत पाटण हे प्राचीन स्थान आहे. पाटणादेवीच्या दर्शनाला हजारो भाविक जातात. याच पाटणच्या एका शिलालेखात भारतीय गणिताच्या इतिहासातील एक अपूर्व घटना नोंदलेली आहे, याची कल्पना त्यांतील फार थोड्यांना असते. एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी हा लेख विद्वज्जगतापुढे आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा देवगिरीच्या सिंघण यादवाचा राजज्योतिषी होता. आजोबांच्या ‘सिद्धान्तशिरोमणी’चे व त्या घराण्यातील अन्य ग्रंथांचे अध्यापन अखंड चालावे, म्हणून त्याने येथे मठ स्थापन केला. इ. स. १२०७ मध्ये निकुंभ घराण्यातील मांडलिक सोइदेव याने त्या मठाला दान दिले.

या लेखाचा आरंभीचा भाग संस्कृतात असून अखेरचा भाग जुन्या मराठीत आहे आणि खरे मर्म त्या अखेरच्या भागात आहे. बाजारात होणाऱ्या व्यवहारांवर मठासाठी कोणता हिस्सा द्यावा, तेलाच्या घाण्यामागे किती तेल द्यावे, याची नोंद त्यात आहे. गणिताचा एक ग्रंथ शिकवला जावा, यासाठी मांडलिकाने दान दिले, व्यापाऱ्याने हिस्सा दिला आणि तेल्याने तेल दिले. त्या तेल्याला बीजगणित येत नसेल. परंतु त्याच्या तेलावाचून मठातला दिवा लागत नव्हता. भास्कराचार्यांनी १११४ मध्ये जन्म घेऊन वयाच्या छत्तिसाव्या वर्षी ग्रंथ लिहिला, एवढ्याने तो टिकला नाही. समाजाने तो पोसला, म्हणून टिकला.

प्राचीन ज्ञानाच्या उपेक्षेचा विषय निघाला की मेकॉलेचे नाव निघते आणि ते अकारण नाही. युरोपातील एखाद्या चांगल्या ग्रंथालयाचे एक फडताळ भारत व अरबस्तान यांच्या साऱ्या वाङ्मयाच्या बरोबरीचे आहे, असे उद्दाम विधान त्याने २ फेब्रुवारी १८३५ च्या आपल्या टिपणात केले. त्याला संस्कृतही येत नव्हते आणि अरबीही. गंमत अशी की, त्याच्याच देशाचा आणि त्याच कंपनी सरकारचा मलबारातील एक अधिकारी चार्ल्स व्हिश याने केरळातील गणितग्रंथांविषयी लिहिलेला निबंध १८३२ मध्येच रॉयल एशियाटिक सोसायटीपुढे वाचला गेला होता. वर्तुळाचा परीघ काढण्यासाठी अनंत श्रेणीचा उपयोग केरळच्या पंडितांनी केला होता, हे त्याने दाखवून दिले. युरोपात ग्रेगरी व लाइब्निट्स यांच्या नावे ओळखल्या जाणाऱ्या श्रेणी चौदाव्या शतकातील संगमग्रामच्या माधवाला ठाऊक होत्या.

परंतु मेकॉले १८३८ मध्ये मायदेशी परतला. त्यानंतरच्या विलंबाचा हिशेब कोणाकडे मागायचा? या श्रेणींच्या सिद्धता देणारा ज्येष्ठदेवांचा ‘युक्तिभाषा’ हा मल्याळम् ग्रंथ सोळाव्या शतकातला. त्याच्या गणित विभागाची सटीप आवृत्ती १९४८ मध्ये निघाली. के. व्ही. शर्मा यांनी केलेला त्याचा इंग्रजी अनुवाद छापून आला २००८ मध्ये, शर्मा निवर्तल्यानंतर तीन वर्षांनी. ज्या माणसाने केरळच्या गणित-ज्योतिषाच्या पोथ्या संपादित करण्यात आयुष्य वेचले, त्याचे नाव संस्कृतीचा अभिमान बाळगणाऱ्या किती घरांत ठाऊक आहे?

संगीताचे उदाहरण याहून बोलके आहे. ज्या सिंघणाच्या पदरी चांगदेव होता, त्याच्याच आश्रयाला शार्ङ्गदेव होता. राज्याच्या हिशेबाचे खाते सांभाळणाऱ्या या अधिकाऱ्याने सात अध्यायांचा ‘संगीतरत्नाकर’ रचला. पुढे देवगिरी पडली, पण ग्रंथ पडला नाही. पंधराव्या शतकात विजयनगरच्या आश्रयाने कल्लिनाथाने त्यावर टीका लिहिली. विसाव्या शतकाच्या आरंभी मुंबईचे एक वकील, पंडित विष्णु नारायण भातखंडे, अशाच ग्रंथांच्या शोधार्थ बाहेर पडले. १९०४ मध्ये ते दक्षिणेत गेले, पंडितांच्या दारी बसले, पोथ्या उतरवून घेतल्या आणि छापून प्रसिद्ध केल्या. त्यांच्या परिश्रमाइतकाच त्यांचा प्रामाणिकपणाही मोलाचा आहे. प्रचलित गायन जुन्या ग्रंथांशी तंतोतंत जुळत नाही, हे त्यांना वाचनातून उमगले आणि ते त्यांनी स्पष्टपणे मांडले. ग्रंथावर खरी श्रद्धा असणारा माणूस ग्रंथात नसलेले त्याच्या तोंडी घालत नाही.

येथे राष्ट्रवादी विचारांच्या कार्यकर्त्यांनीही आत्मपरीक्षण करावयास हवे. व्यासपीठावरून ‘वैमानिक शास्त्रा’चे गोडवे आजही ऐकू येतात. तो ग्रंथ विसाव्या शतकाआधीचा नाही आणि त्यात वर्णिलेली याने उडू शकत नाहीत, असा निर्वाळा बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील शास्त्रज्ञांनी १९७४ मध्येच दिला होता. याउलट परमार राजा भोजाच्या नावे असलेला ‘समराङ्गणसूत्रधार’ हा वास्तुशास्त्रावरील अस्सल ग्रंथ महामहोपाध्याय टी. गणपतिशास्त्री यांनी संपादिला आणि तो १९२४-२५ मध्ये बडोद्याहून दोन भागांत प्रसिद्ध झाला. त्यात नगररचना आहे, घरे आहेत, प्रासाद आहेत, प्रतिमा आहेत. भोपाळजवळच्या भोजपूर येथे भोजाचे म्हणून ओळखले जाणारे अपूर्ण शिवमंदिर उभे आहे. भोवतालच्या खडकांवर मंदिराच्या भागांचे रेखाटलेले आराखडे अजून दिसतात आणि जड शिळा वर चढवण्यासाठी घातलेला मातीचा उतारही. भारतीय स्थपती कसे काम करीत, याचा हा डोळ्यांदेखतचा पुरावा होय. तो सोडून न उडणाऱ्या विमानांमागे धावण्याने विरोधकांना टिंगलीचे निमित्त मिळते आणि खऱ्या गौरवावरही शंकेची छाया पडते.

इतिहासाच्या साधनांची कथा तर महाराष्ट्राची स्वतःची आहे. इतिहासाचार्य राजवाडे यांनी गावोगाव पायपीट करून दप्तरे धुंडाळली आणि १८९८ पासून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ खंडांमागून खंड प्रसिद्ध केली. भोरजवळच्या कारी गावच्या जेधे घराण्याकडील शकावली लोकमान्य टिळकांनी १९१६ मध्ये प्रसिद्ध केली. शिवछत्रपतींच्या जन्माची शके १५५१, फाल्गुन वद्य तृतीया ही तिथी त्या शकावलीने दिली. एका देशमुखी घराण्याने जपलेल्या कागदाने अवघ्या महाराष्ट्राच्या आराध्यदैवताची जन्मतिथी उजेडात आणली! पुण्याच्या पेशवे दप्तरातील निवडक कागदांचे ४५ खंड रियासतकार सरदेसाई यांनी १९३० नंतरच्या अवघ्या काही वर्षांत सिद्ध केले. तरीही त्या दप्तरातील मोडी कागदांच्या राशींपुढे हे ४५ खंड म्हणजे समुद्रातली ओंजळ. त्या राशी वाचणारे डोळे मात्र दिवसेंदिवस कमी होत आहेत.

आणि याच पुण्यात ५ जानेवारी २००४ रोजी भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरावर जमाव चालून गेला. ज्या संस्थेने जवळजवळ अर्धशतक राबून महाभारताची चिकित्सित आवृत्ती जगाला दिली, तेथील ग्रंथ व पोथ्या फेकल्या गेल्या, कपाटे फोडली गेली. त्या कृत्याचा निषेध झाला, तो योग्यच होता. परंतु निषेध करणाऱ्यांपैकी किती जणांनी त्यानंतर त्या संस्थेची पायरी चढली? पोथी जमावाने फेकली तर ती उचलून पुन्हा कपाटात ठेवता येते. पण ती वाचणाराच उरला नाही, तर कपाटातही ती मेल्यासारखीच असते.

अटलजींच्या कारकिर्दीत २००३ मध्ये राष्ट्रीय पांडुलिपी मिशन सुरू झाले. २०२५-२६ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात ‘ज्ञानभारतम्’ मिशनची घोषणा होऊन एक कोटीहून अधिक हस्तलिखितांच्या सर्वेक्षणाचा व जतनाचा संकल्प सोडण्यात आला. शासनाचे हे पाऊल स्वागतार्ह आहे. पण यंत्र पानाचे चित्र घेते. पानाचा अर्थ लावण्यासाठी माणूस लागतो आणि तो घडवणे एकट्या शासनाचे काम नव्हे.

म्हणून ज्या घराच्या माळ्यावर जुने रुमाल बांधून ठेवलेले असतील, त्या घराने ते भारत इतिहास संशोधक मंडळासारख्या संस्थेला दाखवावेत. प्रत्येक नगरात चार तरुणांनी मोडी शिकावी. गणिताच्या शिक्षकाने ‘लीलावती’तील चार उदाहरणे वर्गात सोडवून घ्यावीत. मुंजीच्या वा लग्नाच्या खर्चातील अल्पसा भाग एखाद्या पोथीच्या संपादनासाठी काढून ठेवावा. पाटणच्या तेल्याने आपल्या घाण्यातून जेवढे दिले, त्याहून हे अधिक नाही. त्याचे नाव शिलालेखात नाही. त्याच्या तेलाची नोंद मात्र आठशे वर्षांनंतरही दगडावर आहे.