भिंत नक्की कोणासाठी?

गेल्या महिन्यात एका मित्राकडे जेवायला गेलो होतो. न्यूकॅसलमधली आम्ही चार-पाच मराठी कुटुंबं अशी अधूनमधून जमतो. मसालेभात झाला, मठ्ठा झाला आणि गप्पा नेहमीप्रमाणे इमिग्रेशनवर आल्या. छोट्या होड्यांतून इंग्लिश चॅनल ओलांडून येणाऱ्यांविषयी मी जरा तावातावाने बोललो. "आपण फॉर्म भरले, फिया भरल्या, वर्षानुवर्षं थांबलो आणि हे सरळ घुसतात!" सगळ्यांनी माना डोलावल्या. माझी सोळा वर्षांची मुलगी कोपऱ्यात एक जाडजूड पुस्तक घेऊन बसली होती. मान वर न करता ती म्हणाली, "बाबा, तू अगदी नाईट्स वॉचमधला वाटतोस."

हशा पिकला. मीही हसलो. पण घरी येताना ते वाक्य काही डोक्यातून जाईना.

ज्यांनी 'गेम ऑफ थ्रोन्स' वाचलं-पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. (ज्यांना पुढे वाचायचं आहे त्यांनी सावध, गोष्ट फुटणार आहे!) जॉर्ज मार्टिन यांचं हे पहिलं पुस्तक 1996 सालचं. त्यातल्या वेस्टरोस देशाच्या उत्तर टोकाला बर्फाची एक भिंत आहे. 300 मैल लांब, 700 फूट उंच, 8000 वर्षं जुनी. तिच्यावर पहारा देणारी फौज म्हणजे नाईट्स वॉच. 19 गढ्यांपैकी माणसं उरलीत फक्त तीन गढ्यांत. पलीकडे राहतात वाइल्डलिंग्ज, म्हणजे रानटी समजली जाणारी माणसं. आणि त्यांच्याही पलीकडे, काळोखात, मेलेल्यांना उठवून चालवणारं काहीतरी थंडगार.

आता इंजिनिअरची खोड. 700 फूट बर्फाच्या तळाशी दाब येतो सुमारे 19 वातावरणांइतका. एवढ्या दाबाखाली बर्फ हळूहळू वाहायला लागतो, हिमनद्या तशाच सरकतात. म्हणजे 8000 वर्षं ही भिंत उभी राहणं शक्य नाही. ती मंत्राने उभी आहे, असं लेखकच सुचवतो. ठीक आहे, मंत्र तर मंत्र. पण मग पुढचा प्रश्न येतो : मंत्राचं स्पेसिफिकेशन काय होतं?

आणि इथे खरी गंमत आहे. वाइल्डलिंग्जना हा मंत्र अडवतच नाही. ते दोर लावून भिंत चढतात, होडीने वळसा घालून येतात. अडतात ते मेलेले. तिसऱ्या पुस्तकात कोल्डहँड्स नावाचं एक पात्र आहे, स्वभावाने भलं, पण मेलेलं. त्याला भिंतीतून जाता येत नाही. भिंत कोणासाठी बांधली हे भिंतीला नीट ठाऊक आहे. विसरलेत ते पहारेकरी. रिक्वायरमेंटचा कागद हरवलाय आणि मेंटेनन्स मात्र इमानेइतबारे चालू आहे. शत्रू कोण, तर पलीकडे जन्मलेला माणूस. पहिल्याच पुस्तकात दोन प्रेतं भिंतीच्या आत येतात आणि रात्री उठून हल्ला करतात. त्यांना आत कोणी आणलं? पहारेकऱ्यांनीच, उचलून.

मार्टिन यांना ही कल्पना सुचली ती आमच्याच भागात. 1981 साली ते हेड्रियनची भिंत बघायला आले होते. इसवी सन 122 मध्ये रोमनांनी बांधायला घेतलेली ही भिंत 73 मैल लांब. तिचं पूर्वेकडचं टोक वॉल्सएंडला, जिथल्या मेट्रो स्टेशनवर आज लॅटिन पाट्याही आहेत. या भिंतीला साधारण दर रोमन मैलाला एक दरवाजा होता. म्हणजे नुसती अडवणूक नव्हे, ये-जा होती.

भिंतीजवळच विंडोलांडा नावाचं ठाणं आहे. तिथे 1973 पासून लाकडी पातळ पाट्यांवर शाईने लिहिलेली पत्रं-टिपणं सापडत आली आहेत. भिंत बांधण्याच्या थोडं आधीची. त्या काळात तिथे बटावी आणि तुंग्री तुकड्या होत्या, म्हणजे आजच्या नेदरलँड्स-बेल्जियमकडचे लोक, रोमने स्वतःच जिंकलेले. आणि ठाण्यातल्या एका टिपणात स्थानिक ब्रिटनांचा उल्लेख 'ब्रिटुंकुली' असा तुच्छतेने केलाय. पोरटे ब्रिटन, असं काहीसं. जिंकलेल्या माणसांना कामाला लावून चालवलेल्या ठाण्यातला हा रुबाब!

नाईट्स वॉच तरी कोण? चोर, शिकारचोर, अनौरस मुलं. आतल्यांना नकोशी झालेली माणसं. आपल्याकडेही गावाची वेस राखणारा वेसकर महार असे आणि त्याचं स्वतःचं घर मात्र वेशीबाहेर. राखणीचं काम द्यायचं, आतली जागा द्यायची नाही. फरक एवढाच की वेसकराला निवड नव्हती. मला होती, आणि मी फुकटात पहारा करत होतो.

2009 साली, मुलीच्या जन्माच्या वेळी, आईने इकडे यायला व्हिसाचा अर्ज केला. नाकारला. ती परत जाईल याची खात्री वाटत नाही, असं पत्रात होतं. सांगलीत स्वतःचं घर, पेन्शन, दारात तुळस. फोनवर ती म्हणाली, "अरे, मी कशाला राहतेय तिथे? इथे तुळशीला पाणी कोण घालणार?" पुढच्या वर्षी व्हिसा मिळाला. तोवर नात चालायला लागली होती. त्या पत्रावर मी किती चिडलो होतो! आणि गेल्या महिन्यात, हातात मठ्ठ्याचा पेला धरून, मी तेच पत्र तोंडी वाचून दाखवत होतो.

सीमा नकोतच, असं मी म्हणत नाही. घराला दार लागतंच. पण दारावर उभं राहणाऱ्याने अधूनमधून तो हरवलेला कागद शोधावा : हे दार कोणाला अडवायला होतं? जॉन स्नोने तो प्रश्न विचारला, वाइल्डलिंग्जही माणसंच आहेत असं ठरवून दरवाजा उघडला, आणि 2011 च्या पाचव्या खंडात त्याच्याच माणसांनी त्याला भोसकलं. प्रश्न स्वस्त नाही.

असो. मुलगी सध्या तिसऱ्या खंडावर आहे. पाचव्याच्या शेवटी काय होतं ते मी तिला सांगितलेलं नाही. तुम्हीही सांगू नका.