‘चाचे’ म्हणजे नेमके कोण?

कोकणच्या दर्यावर्दी इतिहासाविषयी लिहिताना ‘चाचे’ हा शब्द आपण फार सहज वापरतो. आमच्या मते त्याची उलटतपासणी व्हायला हवी.

सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी अरबी समुद्रात ‘कार्ताझ’ नावाचा परवाना सक्तीचा केला. तो नसलेले जहाज जप्त होई आणि ती जप्ती कायदेशीर मानली जाई. पुढे इंग्रजही परवाने देऊ लागले. मराठ्यांच्या आरमाराने आपल्या किनाऱ्यावर दस्तक मागितले, तेव्हा मात्र ती चाचेगिरी ठरली. १७६५ साली कंपनीने कोल्हापूरकरांच्या ताब्यातला सिंधुदुर्ग जिंकला आणि त्याला ‘फोर्ट ऑगस्टस’ असे नाव दिले. पुढच्याच वर्षी पैसे घेऊन किल्ला परत केला. १८१२च्या तहाने मालवण कायमचे घेतले. दोन्ही वेळा कारण एकच सांगितले गेले, चाच्यांचा बंदोबस्त. १९०७ साली जॉन बिडल्फ ह्यांनी ‘द पायरेट्स ऑफ मलबार’ ह्या ग्रंथात कान्होजी आंग्र्यांनाही त्याच रांगेत बसवले.

ह्यावर उतारा म्हणून साऱ्याच लुटीला देशभक्ती म्हणणे आम्हांस पटत नाही. देशी व्यापाऱ्यांची जहाजेही अडवली गेली, त्यांचे नुकसान खरे होते. प्रश्न वेगळा आहे: परवाना देण्याचा हक्क कोणाचा, हे कोणी ठरवले? वर्गात ही साधने वाचताना हा प्रश्न आधी विचारावा. किल्ल्याचे इंग्रजी नाव टिकले नाही. माणसांना दिलेले नाव मात्र आपण अजून चालवतो आहोत.