तारण घर आणि बहिणीचा हिस्सा

अब्बांच्या इंतकालनंतर घर थोरल्या भावाच्या नावावर चढते. पुढे तो धंद्यासाठी कर्ज काढतो, घर तारण ठेवतो, हप्ते थकतात आणि एके दिवशी बँकेची नोटीस येते. तेव्हा कुठे अम्मीला आणि बहिणींना कळते. पालकसभेनंतर हा प्रश्न घेऊन थांबणाऱ्या माता आम्हाला भेटतात, म्हणून यावेळी हाच विषय घेत आहोत.

आधी कर्ज कोणी काढले ते पाहावे. अब्बांनी स्वतः काढले असेल तर ते फेडूनच वाटणी होते. शरीअतही हेच सांगते. मात्र त्यांच्या पश्चात भावाने काढले असेल तर गोष्ट वेगळी. मुस्लिम कायद्यात एकत्र कुटुंबाचा ‘कर्ता’ नसतो. मृत्यूच्या क्षणीच प्रत्येक वारसाचा हिस्सा ठरतो. समजा मागे अम्मी, दोन मुलगे आणि एक मुलगी आहे. घराचे ४० भाग केले तर अम्मीचे ५, प्रत्येक मुलाचे १४ आणि मुलीचे ७. भाऊ तारण ठेवू शकतो ते आपले १४ भाग. बहिणीने हक्कसोडपत्र दिले असेल किंवा कर्जाच्या कागदांवर सही केली असेल, तर मात्र तिची बाजू कमकुवत होते.

मग करायचे काय? बँकेला ताबडतोब लेखी हरकत द्यावी, वारसाचे पुरावे जोडावेत आणि पोच घ्यावी. सरफेसी कायद्याखाली (२००२) बँक आधी ६० दिवसांची नोटीस देते. पुढे ताब्याची कारवाई झाली, तर ४५ दिवसांत कर्ज वसुली न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो. हा अर्ज कर्जदाराखेरीज बाधित हिस्सेदारही करू शकतो. शेतजमिनीला हा कायदा लागू नाही.

हिस्सा कोणाचा किती, हे ठरवून घेण्यासाठी दिवाणी न्यायालयात वाटणीचा दावा लावावा. तारण घेतलेल्या मिळकतीच्या मालकीचा असा वाद दिवाणी न्यायालय ऐकू शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये स्पष्ट केले आहे.

घर वाचवण्यासाठी कर्ज फेडायची तयारी असेल, तर मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२ हिस्सेदाराला तोही हक्क देतो. संपूर्ण कर्ज फेडणाऱ्या हिस्सेदाराला भावाच्या हिश्श्यावर बँकेचाच हक्क मिळतो. पैसे वसूल होईपर्यंत तो बोजा राहतो. त्याने भावाचा हिस्सा आपल्या मालकीचा होत नाही, एवढे ध्यानात ठेवावे. सरफेसीच्या कारवाईत मात्र ही रक्कम लिलावाची नोटीस प्रसिद्ध होण्याआधी भरावी लागते.

वकिलाच्या खर्चाला घाबरून गप्प बसू नये. महिलांना उत्पन्नाची अट न लावता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. १५१०० या क्रमांकावर चौकशी करता येते.

आणि ज्या घरात अजून तंटा नाही, त्यांनी सातबारा किंवा सिटी सर्व्हेच्या उताऱ्यावर सगळ्या वारसांची नावे आजच लावून घ्यावीत. उताऱ्याने मालकी मिळत नाही हे खरे. पण एकट्याचे नाव पाहूनच बँक कर्ज देते आणि पुढे तेच कारण सांगते. बहिणीचे नाव लावण्यात भावाचा अपमान नाही. उद्या त्याच घरावर अम्मीचे छप्पर टिकायचे आहे.