कलावंत स्वतः काय सांगतात?

कलावंत जन्मावा लागतो, तो घडवता येत नाही, असे आपल्याकडे सहज म्हटले जाते. प्रतिभा ही दैवी देणगी. ती ज्याच्या वाट्याला आली तो धन्य, इतरांनी टाळ्या वाजवाव्यात, असा त्याचा अर्थ होतो. हे विधान वरवर निरुपद्रवी वाटते. परंतु ज्या समाजाला शतकानुशतके जन्मावरून अधिकार नाकारले गेले, त्या समाजाने जन्मावर आधारलेला कोणताही सिद्धान्त तपासल्याविना स्वीकारू नये. तपासण्याचा मार्गही फारसा अवघड नाही. ज्यांनी कला निर्माण केली, त्यांनी आपल्या निर्मितीविषयी स्वतः काय सांगून ठेवले आहे, ते लक्षपूर्वक वाचावे.

पुणतांब्यात गोदाकाठी चांगदेवांची समाधी आहे. चांगदेवांनी ज्ञानेश्वरांना पत्र लिहायला घेतले. पण वयाने लहान आणि ज्ञानाने थोर अशा व्यक्तीला कोणता मायना लिहावा हे न उमजल्याने कागद कोराच पाठवला, ही आख्यायिका या परिसरात सर्वांना ठाऊक आहे. लिहू पाहणाऱ्याला कोरा कागद कसा अडवतो, हे त्या कथेत नेमके आले आहे. मात्र आमच्या पूर्वजांपुढचा कागद मायना सुचला नाही म्हणून कोरा राहिला नव्हता. अक्षरच नाकारले गेले होते म्हणून तो कोरा राहिला होता.

याची साक्ष लोककवी वामनदादा कर्डक देतात. शेजारच्या नाशिक जिल्ह्यातील, सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे वामनदादा पोटासाठी मुंबईला गेले. तेथे कोणीतरी त्यांच्यापुढे पत्र धरले आणि ते त्यांना वाचता आले नाही. त्या क्षणाची लाज त्यांनी पुढे कधी लपवली नाही. अक्षरे शिकले, दुकानांच्या पाट्या वाचत वाचन पक्के केले आणि 1943 साली पहिले गाणे रचले. तेही एका हिंदी चित्रपटगीताच्या चालीवरचे विडंबन होते. ज्यांची गाणी आज खेड्यापाड्यांतील प्रत्येक जयंतीला गायिली जातात, त्यांची सुरुवात उसन्या चालीवर झाली, ही गोष्ट आमच्या विद्यार्थ्यांनी नीट ध्यानात घ्यावी. अनुकरण हा कमीपणा नाही. ती शिकाऊपणाची पहिली पायरी आहे.

अण्णा भाऊ साठे यांची शाळा तर दीड दिवसाचीच. त्यांनी प्रतिभेविषयी जे म्हटले आहे, ते आम्हांस साहित्यशास्त्राच्या कित्येक ग्रंथांहून मोलाचे वाटते. आपण जे जगलो, पाहिले आणि अनुभवले तेच लिहितो, कल्पनेचे पंख लावून उडणे आपल्याला जमत नाही, असे त्यांनी मोकळेपणाने सांगितले आणि त्या बाबतीत स्वतःची तुलना बेडकाशी केली. जीवनाच्या सत्याचा आधार नसलेली प्रतिभा म्हणजे अंधारात ठेवलेला आरसा, असे त्यांचे म्हणणे होते. आरसा कितीही स्वच्छ असो, उजेड नसेल तर त्यात काही दिसत नाही. हा उजेड आकाशातून उतरत नाही. तो माणसांमध्ये वावरून, त्यांचे श्रम आणि दुःख पाहून मिळवावा लागतो. ‘फकिरा’ लिहिणाऱ्या लेखकाने स्वतःला बेडूक म्हणवून घ्यावे, यातला विनय तर थोर आहेच. पण त्याहून थोर आहे ती पाय जमिनीवर रोवून उभे राहण्याची प्रतिज्ञा.

दूरच्या देशांतही निराळे चित्र दिसत नाही. व्हिन्सेंट व्हॅन गॉग या डच चित्रकाराने आपला भाऊ थिओ यास लिहिलेली साडेसहाशेहून अधिक पत्रे उपलब्ध आहेत. 1880 साली, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, त्याने चित्रकार होण्याचे ठरवले. त्याच्या पत्रांत चमत्काराच्या गोष्टी नाहीत. रंगांचा खर्च, कॅनव्हास, मनासारखी न उतरलेली रेखाटने आणि तेच चित्र पुन्हा काढण्याचा निर्धार, असा तो पत्रव्यवहार आहे.

आमच्या माताभगिनींची साक्ष याहून अंतर्मुख करणारी आहे. फलटणच्या बेबीताई कांबळे किराणा दुकान चालवीत. पुड्या बांधण्यासाठी आणलेली रद्दी त्या वाचीत आणि सवड मिळेल तसे लिहीत. मात्र पतीच्या भीतीने हे लिखाण त्यांनी सुमारे वीस वर्षे घरात लपवून ठेवले. ‘जिणं आमुचं’ पुस्तकरूपाने आले ते 1986 साली. स्वतःच्या दुःखाहून समाजाचे दुःख आपल्याला मोठे वाटले, असे त्या सांगत. पुढे त्यांनी निंबुरे येथे मुलांसाठी निवासी आश्रमशाळाही चालवली. त्यांचे हे निवेदन वाचले की प्रश्न पडतो : ज्यांच्या वह्या कधी बाहेर आल्याच नाहीत, अशा किती जणी आपल्याच घरांत होऊन गेल्या असतील? कलेला परिश्रम लागतात हे खरे. परंतु परिश्रमांनाही निर्भय जागा आणि वेळ लागतो.

इतिहासाचे अभ्यासक या नात्याने येथे एक सावधगिरीही नोंदवली पाहिजे. कलावंताचे शब्द हे साधन आहे, अंतिम निकाल नव्हे. माणूस आपल्या भूतकाळाविषयी उशिरा बोलतो, काही विसरतो, काही सजवतो. आपल्याच जिल्ह्यातील अकोले तालुक्यातल्या धामणगावचे दया पवार यांना हे पुरते ठाऊक असावे. 1978 साली प्रसिद्ध झालेल्या ‘बलुतं’ची रचनाच अशी आहे की दगडू मारुती पवार बोलतो आणि दया पवार ऐकतो. एकाच माणसातला भोगणारा आणि लिहिणारा असे दोघे त्यांनी समोरासमोर बसवले. सोसलेले दुःख आपोआप साहित्य होत नाही. त्याच्यापासून थोडे दूर होऊन ते ऐकावे लागते, हे त्या रचनेतून आम्ही शिकतो.

मग आपण काय करतो? स्नेहसंमेलनात ध्वनिमुद्रित गाण्यांवर मुलांना नाचवतो, स्वच्छ वहीला पूर्ण गुण देतो आणि खाडाखोडीबद्दल रागावतो. वस्तुतः खाडाखोडीतच निर्मिती दिसते. एखाद्या मुलीने चित्रांत किंवा कवितेत वेळ घालवला की, ‘आधी अधिकारी हो, मग कविता कर’ असे पालक म्हणतात. त्यांची काळजी आम्ही समजू शकतो. गरिबीने शिकवलेली ती सावधगिरी आहे. पण ज्यांच्या गाण्यांनी बाबासाहेबांचा विचार निरक्षर आयाबायांपर्यंत पोहोचवला, ते लोक अधिकारी नव्हते, हेही विसरू नये. शिक्षण आणि कला यांत वैर नाही. वामनदादांनी आधी अक्षर मिळवले, म्हणूनच त्यांचे गाणे कागदावर आले.

आमची सूचना साधी आहे. गोदाकाठच्या आपल्या गावांतून जलशात आणि गायन पार्टीत उभे राहिलेले गायक, ढोलकीवादक, जात्यावर ओव्या रचणाऱ्या आजी आता थकल्या आहेत. त्यांची गाणी काही प्रमाणात टिकतील. ती कशी रचली, कोणती ओळ टाकून दिली, पहिल्यांदा कोणाला ऐकवली, हे मात्र त्यांच्याबरोबरच जाईल. माजी विद्यार्थ्यांनी आपापल्या गावातील अशा एका व्यक्तीपुढे वही घेऊन बसावे, तिच्या संमतीने तिचे शब्द जसेच्या तसे, तिच्याच बोलीत टिपावेत आणि ती वही शाळेच्या ग्रंथालयात जमा करावी. वसतिगृहातील मुलांनी आपल्या कवितांचे आणि चित्रांचे कच्चे कागद फाडू नयेत. वर्षअखेरीच्या प्रदर्शनात पूर्ण झालेल्या कृतीशेजारी तेही मांडावेत. पालकांनी प्रदर्शनाला यावे, आणि चित्र छान आहे एवढे म्हणून पुढे न जाता, ‘हे तू कसे केलेस?’ असे आपल्या लेकराला विचारावे.