पानशेतचे पाणी आणि इतिहासाची साक्ष

गेल्या नाताळच्या सुटीपूर्वी आमच्या नववीच्या वर्गाची सहल पानशेतास गेली होती. धरणाच्या भिंतीवरून तानाजी सागराचे संथ पाणी पाहत मुले उभी असता एका विद्यार्थ्याने विचारले, "सर, 1961 साली हे धरण कोणी फोडले?" आम्ही उत्तर देण्यापूर्वीच वर्गातून तीन उत्तरे आली. एकजण म्हणाला, पावसाने. दुसरा म्हणाला, बांधणाऱ्यांच्या चुकीने. तिसऱ्याने आपल्या आजीचे मत सांगितले की, पुणे शहराची पापे फार झाली होती म्हणून देवाने ते पाणी सोडले. मुले आमच्या तोंडाकडे पाहू लागली. परीक्षेतील प्रश्नास जसे एक उत्तर असते तसे एक उत्तर आम्ही द्यावे, अशी त्यांची अपेक्षा होती. ते आम्ही त्या वेळी दिले नाही. त्याचे कारण आज या पानांतून सांगावयाचे आहे, कारण त्या भिंतीवर निघालेला प्रश्न केवळ पानशेताचा नसून इतिहास या विषयाच्या मुळाशी असलेला प्रश्न आहे.

प्रथम ज्या गोष्टींविषयी वाद नाही त्या पाहू. मुठेस मिळणाऱ्या आंबी नदीवर मातीचे हे धरण बांधण्याचे काम 1957 साली सुरू झाले. 1961 च्या पावसाळ्यात काम पुरे झालेले नसतानाच त्यात पाणी साठविण्यात आले. कालव्यासाठी धरणाच्या पोटातून जी मोरी काढली होती, तिच्या बांधणीत लोखंडी सळया नव्हत्या. मोरीचे दरवाजेही पूर्णपणे तयार नव्हते. जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात पाऊस अतोनात झाला, मोरीवरील माती खचू लागली, आणि लष्कराच्या जवानांनी रात्रीच्या अंधारात वाळूची पोती रचून भिंत थोपवून धरली. 12 जुलैच्या सकाळी ती फुटली. खाली 1879 साली पुरे झालेले खडकवासल्याचे दगडी धरण होते. तेही त्याच दिवशी गेले आणि मुठेकाठचे पुणे पाण्याखाली बुडाले. जवानांच्या त्या पोत्यांमुळे भिंत काही तास अधिक टिकली व पाणी रात्री न येता दिवसाउजेडी आले, म्हणून पुष्कळांचे प्राण वाचले. मृतांचा आकडा मात्र निरनिराळ्या ठिकाणी निरनिराळा सांगितला जातो.

आता, या सर्व गोष्टी मान्य केल्या तरी 'कोणी फोडले' या प्रश्नाचे उत्तर त्यांतून आपोआप निघत नाही, हे चतुर विद्यार्थ्यांच्या ध्यानात येईल. पाऊस पडला नसता तर धरण फुटले नसते. म्हणून पाऊस हे कारण खरेच. मोरीत सळया असत्या तर कदाचित पाऊस पडूनही ते टिकते; म्हणून सळया नसणे हेही कारण. पाणी एक-दोन वर्षे उशिरा साठविले असते तर? मग घाई हे कारण. घाई कोणी केली, का केली, त्या काळी लोखंडाची टंचाई होती काय, असे मागे मागे जाऊ लागले की साखळीस अंत नाही.

योगायोग असा की, ज्या वर्षी पानशेत फुटले त्याच वर्षाच्या आरंभी केंब्रिज येथे ई. एच. कार या इंग्लिश इतिहासकाराने इतिहास म्हणजे काय या विषयावर व्याख्याने दिली व ती त्याच वर्षी पुस्तकरूपाने निघाली. कार्य-कारणभाव समजाविताना त्याने एक साधी गोष्ट रचून सांगितली आहे. एक गृहस्थ मेजवानीत मद्य पिऊन घरी निघाला; त्याच्या मोटारीचे ब्रेक बिघडलेले होते; ज्या वळणावर पलीकडचे काही दिसत नाही अशा वळणावर त्याने एका पादचाऱ्यास चिरडले. तो पादचारी रस्ता ओलांडीत होता तो सिगारेटी विकत घेण्यासाठी. तेव्हा त्याच्या मरणास सिगारेटचे व्यसन कारण झाले असे कोणी म्हणाला तर तर्काच्या दृष्टीने त्यास खोटे पाडता येणार नाही. तरी आपण त्यास हसतो. का हसतो? कारण मद्य, ब्रेक आणि वळण या कारणांपासून पुढच्यास काही शिकता येते. सिगारेटीपासून येत नाही. आमच्या मते पानशेताच्या पावसाची गोष्ट या सिगारेटीसारखीच आहे. वेल्ह्याच्या डोंगरांत पाऊस दरवर्षीच पडतो. तोरण्याच्या पायथ्याच्या शेतकऱ्यास तो ठाऊक आहे, आणि जो मनुष्य तेथे धरण बांधतो त्यास तो ठाऊक असलाच पाहिजे. त्यासाठीच तर धरण. म्हणून पावसास आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करणारा इतिहास आम्हांस आळशी वाटतो, आणि कधी कधी आळसाहूनही वाईट वाटतो. कारण तो कोणास तरी पाठीशी घालीत असतो. चौकशीचे काम प्रथम न्यायमूर्ती बावडेकर यांजकडे व त्यांच्या मृत्यूनंतर न्यायमूर्ती नाईक यांजकडे आले. मोरी आणि घाई या गोष्टी लोकांसमोर आल्या त्या अशा चौकशीमुळे, पर्जन्यमापकामुळे नव्हे.

राहिली ती आजीबाई. तिला आम्ही हसणार नाही. आमच्याच मंडळीत असे मत श्रद्धेने धरणारे लोक आहेत. रोमनगर 410 साली लुटले गेले तेव्हा हा देवकोप आहे असे दोन्ही बाजूंचे लोक म्हणू लागले, व त्यास उत्तर देण्यासाठी संत ऑगस्टीनाने देवाच्या नगराविषयी तो मोठा ग्रंथ लिहिला. इतिहासाच्या तत्त्वज्ञानाचा आरंभ पुष्कळ विद्वान तेथूनच धरतात. देवाचा हात इतिहासात आहे, ही आमचीही श्रद्धा आहे. पण लूककृत शुभवर्तमानाच्या तेराव्या अध्यायात यरुशलेमेतील शिलोहाचा बुरूज पडून अठरा माणसे मेली, त्यांची गोष्ट आहे. ती माणसे इतरांहून अधिक पापी होती काय, या प्रश्नास प्रभूने स्पष्ट नकार दिला आहे. पडलेल्या बांधकामाविषयीचा इतका सरळ दाखला समोर असता, नदीकाठच्या पेठांत बुडालेल्या गरीब बिऱ्हाडांस पापी ठरविण्याचा अधिकार आपणांस कोठून आला? शिवाय व्यवहारातही पाहा : देवाने धरण फोडले असे एकदा म्हटले की मोरीत सळया का नव्हत्या, हे विचारण्याचे कोणास कारण उरत नाही. ईश्वराचे नाव घेऊन माणसाची चूक झाकणे ही भक्ती नव्हे.

आता पानशेताच्या मागच्या डोंगराकडे वळू. तोरणा आणि राजगड ही शिवरायांच्या उदयाची स्थाने. आमच्या वडिलांच्या पिढीतील अनेक पुस्तकांत महाराजांचा जन्म 1627 सालचा दिलेला असे. तोरणा 1646 साली घेतला असे धरले, तर तो घेणारा एकोणीस वर्षांचा तरुण ठरतो. पुढे भोर तालुक्यातील कारी येथील जेधे देशमुखांच्या घराण्यातील शकावली लोकमान्य टिळकांच्या हाती आली व 1916 साली छापून प्रसिद्ध झाली. तीत जन्मतिथी फाल्गुन वद्य तृतीया, शके 1551, म्हणजे 19 फेब्रुवारी 1630, अशी निघाली. एका घराण्याच्या टिपणावर एवढा भरवसा ठेवावा काय, असा वाद माजला, आणि तो माजणे योग्यच होते. नंतर तंजावराकडून मिळालेल्या परमानंद कवीच्या शिवभारतात तीच तिथी आढळली. राजपुतान्यात जोधपूरकडे सापडलेल्या कुंडलीनेही तिलाच दुजोरा दिला. भोरचा देशमुख, दक्षिणेत जपलेली पोथी, मारवाडातील ज्योतिषी. या तिघांनी संगनमत केले असे कोण म्हणेल? महाराष्ट्र सरकारने ही तारीख 2001 साली मान्य केली. तथापि तिथीने उत्सव करणारे तिथीने करतात आणि तारखेने करणारे तारखेने. त्याविषयी आम्हांस काही म्हणावयाचे नाही. आमचे म्हणणे इतकेच की, तीन वर्षांच्या या फरकाने तोरण्यावर चढणारा तो तरुण एकाएकी सोळा वर्षांचा, म्हणजे आमच्या दहावीच्या वर्गातील मुलाच्या वयाचा होतो. मग दादोजी, जिजाबाई व मावळचे देशमुख यांच्या वाट्याचा विचार नव्याने करावा लागतो. आकडा बदलला की अर्थही बदलतो.

उलट आकडे तेच राहून अर्थ बदलतो, असेही घडते. ग्रँट डफ याने साताऱ्यास राहून कागद जमविले आणि 1826 साली मराठ्यांचा इतिहास तीन खंडांत प्रसिद्ध केला. त्यातील उणिवा नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी 1868 च्या सुमारास दाखविल्या. त्या वेळी कीर्तने पंचविशीच्या आतले होते, हे आमच्या विद्यार्थ्यांनी मुद्दाम लक्षात ठेवावे. न्यायमूर्ती रानडे यांनी 1900 साली लिहिलेल्या ग्रंथात संतांच्या चळवळीची तुलना युरोपातील धर्मसुधारणेशी केली आणि मराठ्यांच्या सत्तेचा पाया तीत पाहिला. राजवाड्यांना त्याच संतांत समाजास निष्क्रिय करणारी विरक्ती दिसली. संत तेच, अभंग तेच. लूथराचे नाव लहानपणापासून ऐकत आलेल्या आमच्यासारख्यांस रानड्यांची ती तुलना प्रथम वाचली तेव्हा फार गोड वाटली, आणि गोड वाटली म्हणूनच आम्ही ती पुष्कळ वर्षे तपासून पाहिली नाही, ही कबुली येथे देतो. लूथराने रोमचे धर्मपीठ सोडले. तुकोबांनी पंढरीची वारी सोडली नाही. एवढा एक फरकसुद्धा ध्यानात येण्यास आम्हांस चाळिशी यावी लागली!

एका पालकांनी मागे आम्हांस पत्र लिहून विचारले होते की, मुलांस असे शंका घेण्यास शिकविलेत तर ती उद्या वडिलांवर व परवा शास्त्रावरही शंका घेतील, त्याचे काय? पत्र कळकळीचे होते. त्यास आमचे उत्तर असे की, शंका आणि अविश्वास या दोन वेगळ्या वस्तू आहेत. लूकाने आपल्या शुभवर्तमानाच्या आरंभीच सांगितले आहे की, ज्यांनी डोळ्यांनी पाहिले त्यांच्याकडून आलेल्या गोष्टींचा मुळापासून शोध करून आपण लिहीत आहोत. त्याने शोध केला म्हणून त्याची श्रद्धा उणी झाली नाही. मात्र प्रत्येकाचा अर्थ वेगळा असतो, तेव्हा सर्वच अर्थ सारखे खरे, असे जे आजकाल सर्रास बोलले जाते, तेही आम्हांस मान्य नाही. जेध्यांची शकावली कोणाच्या आवडीने 1627 दाखविणार नाही आणि पानशेताच्या मोरीत कोणाच्या इच्छेने सळया उगवणार नाहीत. अर्थ लावणारास मोकळीक आहे ती पुराव्याच्या कुंपणाच्या आत.

आणि पुरावा कोणाकडून मागावयाचा, हेही पाहिले पाहिजे. त्या प्रलयास सारे लोक 'पानशेतचा पूर' म्हणतात. पण त्याची जी वर्णने आपण वाचतो ती बहुतेक पुण्याची : लकडी पूल, शनिवार, नारायण पेठ, वाहून गेलेले संसार. ज्यांच्या गावचे नाव त्या पुरास मिळाले, त्यांच्या जमिनी व वस्त्या धरणासाठी पाण्याखाली गेल्या होत्या, ती हकीकत दोन ओळींत आटोपते. त्यांच्या खोऱ्यातील पाण्यास तानाजीचे आणि शेजारच्या मोसे खोऱ्यातील पाण्यास बाजी पासलकरांचे नाव देऊन सरकारने शूरांचे स्मरण ठेविले, हे चांगलेच झाले. पण पाण्याखालच्या शेतांची नावे कोणत्या फलकावर आहेत?

सहलीहून परतल्यावर आम्ही वर्गास एक काम दिले. 1961 साली जी मुले दहा वर्षांची होती ती आज पंचाहत्तरीच्या घरात आहेत. आपल्या घरी किंवा शेजारी असे कोणी आजोबा-आजी असल्यास त्यांजजवळ बसून, त्या दिवशी त्यांनी स्वतः काय पाहिले व काय केवळ ऐकले, हे वेगळे वेगळे लिहून आणावे, असे सांगितले. कित्येक वह्या आल्या. एकाच वाड्यात राहणाऱ्या दोन भावांच्या हकीकती दोन विद्यार्थ्यांनी आणल्या आहेत. थोरले आजोबा म्हणतात, पाणी आले तेव्हा आई चुलीपाशी भाकऱ्या थापीत होती. धाकटे म्हणतात, जेवणे होऊन भांडी घासावयास काढली होती. मुलांनी विचारले की, यांतील कोणती वही ठेवावी. दोन्ही वह्या शाळेच्या ग्रंथालयात ठेविल्या आहेत, आणि वेल्ह्याकडील वृद्धांची एकही वही अद्याप आलेली नसल्यामुळे शेजारची जागा मोकळी सोडली आहे.