टोमॅटोला शेजार झेंडूचा

आज परसबागेविषयी बोलू. सुरुवात आमच्याच चुकीपासून करतो.

गेल्या पावसाळ्यात घरामागच्या खाटेएवढ्या जागेत आम्ही टोमॅटो, वांगी आणि मिरची अशी बारा रोपे दाटीवाटीने लावली. खाणारी तोंडे सहा, भाजी महाग. तेवढाच संसाराला हातभार, ही आशा. महिन्याभरात आधी मिरचीची पाने आकसली, मग टोमॅटोची. वांग्याचे पान हलवले की पांढऱ्या माश्या उडत. दुकानदाराने फवारणीचे औषध पुढे केले. पण आमची मुले टोमॅटो तोडून तिथेच तोंडात टाकतात. औषध घेतले नाही. आठ रोपे उपटून टाकावी लागली.

चूक शेजार निवडण्यात झाली होती. टोमॅटो, वांगी, मिरची आणि बटाटा ही एकाच कुळातली झाडे. एकावरची कीड दुसऱ्यावर सहज जाते, मर रोगही सगळ्यांना लागतो. म्हणून ती एकाला एक चिकटून लावू नयेत. मधे दुसऱ्या जातीचे झाड हवे. दुसऱ्याच्या शेतात राबणाऱ्या आमच्या आजीला हे पक्के ठाऊक होते. ज्वारीत तूर, बाजरीत मटकी, असा पेरा तिने आयुष्यभर पाहिला होता.

आता कोणाशेजारी काय लावावे ते पाहू.

टोमॅटो आणि झेंडू : फळ पोखरणारी अळी जिच्यापासून होते, तो पतंग झेंडूच्या फुलांवर अंडी घालणे पसंत करतो. बंगळूरच्या भारतीय बागवानी संशोधन संस्थेने शेतकऱ्यांना टोमॅटोच्या १६ ओळींमागे उंच झेंडूची १ ओळ सांगितली आहे. झेंडूचे रोप ४० दिवसांचे व टोमॅटोचे २५ दिवसांचे घ्यावे, म्हणजे दोघांना फुले एकदमच येतात. घरी चार टोमॅटोंना एक झेंडू पुरे. मात्र झेंडूच्या कळ्या-फुले दर दोन-तीन दिवसांनी तपासून अळ्या वेचा. नाहीतर तोच किडीचे घर होईल.

वांगी आणि कोथिंबीर : कोथिंबीर सगळी खुडू नका, दोन-चार काड्या फुलू द्या. त्या बारीक पांढऱ्या फुलांवर ढालकिडे येतात. लाल पाठीवर काळे ठिपके असलेला हा किडा मावा खातो. त्याला मारू नका.

मका आणि चवळी : मका वीतभर झाला की बुंध्याशी वेलाची चवळी टोचा. वेलाला आधार मिळतो, मांडव लागत नाही. चवळीच्या मुळांवरच्या गाठींतले जिवाणू हवेतले नत्र धरतात. शेंगा संपल्यावर वेल उपटू नका, जमिनीलगत कापा. मुळे कुजली की ते खत पुढच्या भाजीला मिळते. मक्याची चार-सहा ताटे मात्र जवळजवळ, चौकोनात लावा. परागकण वाऱ्याने जातात, एकट्या ताटाच्या कणसात दाणे नीट भरत नाहीत.

पुदिना मात्र वेगळ्या डब्यात ठेवा. तो पसरतो आणि शेजाऱ्याची जागा खातो.

चाळीत राहणाऱ्या भगिनींनी जागा नाही म्हणून थांबू नये. रंगाची रिकामी बादली स्वच्छ धुवून तिच्या बुडाला चार-पाच भोके पाडा. एका बादलीत एकच टोमॅटो, कडेने कोथिंबीर आणि शेजारच्या डब्यात झेंडू. ऊन पाच-सहा तास हवे.

शेजार बदलला म्हणून कीड मुळीच येणार नाही, असे आम्ही म्हणणार नाही. पण यंदा आम्ही याच रीतीने नऊ रोपे लावली. दोन गेली, सात उभी आहेत. रोज सकाळी पाणी घालताना पानांची खालची बाजू उलटून पाहतो, एवढेच काम. आणि मुले टोमॅटो तोडून खातात तेव्हा आम्हाला धास्ती वाटत नाही.

पुढच्या वेळी ओल्या कचऱ्याचे खत घरच्या घरी कसे करायचे, ते सांगू.